देवल्याचा उजवा कान

६ ऑगस्ट १९५६, सोमवार

चौकीवरची हाजरी कॅमेऱ्यात मिळाली एकदाची! चौकीसमोरची पिठाची गिरणी सुरू असली की कॅमेऱ्याची घरघर ऐकू जात नाही, हे इतके दिवस ध्यानातच आलं नव्हतं. आज गिरणीच्या ओट्यावर गव्हाचं पोतं पुढ्यात घेऊन बसलो. पोत्याआड कॅमेरा. चावी पूर्ण दिली तरी अर्धा मिनिट धड चालत नाही, पण तेवढ्यात रांग सगळी आली. वर चौकीची पाटी, खाली पारध्यांच्या बाया, म्हातारे, कडेवरची पोरं. शिपाई नाव पुकारतो, ज्याचं त्यानं हात वर करून तोंड दाखवायचं. गुरं मोजून घ्यावीत तसं चाललेलं.

गुन्हेगार जमातींचा तो कायदा जाऊन चार वर्षं झाली. जन्मतःच गुन्हेगार आता कुणी नाही, असं पेपरात वाचलं होतं. दिनूला मागे सहज विचारलं तर म्हणाला, "हाजरी? आता कुठे होते हाजरी? तुम्ही पण ना जिजाजी, कुठल्या जमान्यात राहता!" बायकोचा सख्खा भाऊ आणि त्या इलाख्याचा थानेदार असा एकच माणूस असावा, हे माझं नशीब.

शिपायानं दोनदा माझ्याकडे पाहिलं. दळणाला आलेला बामण, एवढंच दिसलं असेल त्याला. असेल ना?

१० ऑगस्ट, शुक्र.

उघडीप होती. देवास गेटचा माझा फोटो-स्टुडिओ बंद ठेवून पारध्यांच्या वस्तीवर गेलो, नानाखेड्याच्या वाटेनं. देवल्यानं तीतर बोलावून दाखवला. एरवी डोकं-कान गुंडाळून फडकं बांधलेलं असतं त्याचं. पाखराचा आवाज ऐकायचा म्हणून आज सोडलं. उजव्या कानाची पाळी फाटकी, तिचे दोन तुकडे लोंबतात. लहानपणी बाळी ओढली गेली, म्हणाला. घोड्याच्या केसांचे फासे गवतात रोवले, पालथा पडला, ओठ मुडपून साद घातली. झुडपातून उत्तर आलं आणि हा माझ्याकडे बघून हसला. अख्ख्या रिळात एवढं एकच हसणं आहे.

त्याची बायको रमी. तिला मी पहिल्या दिवसापासून खटकतो. आज तोंडावर म्हणाली, "रोज आवे. कईं लेवे नी, कईं देवे नी. फेर थने चइये कईं?"

घेत नाही, देत नाही, मग मला हवं काय, हे काय सांगणार? दिल्लीपर्यंत दाखवीन म्हणू? गेल्या साली चक्रतीर्थावर चिता रचणाऱ्यांची फिल्म केली, ती अजून उज्जैनच्या वेशीबाहेर गेलेली नाही. म्हटलं, हाजरी चालते हे लोकांना दाखवायचंय. ती म्हणाली, लोकांना माहीतच आहे. पोलिसांना आमची तोंडं देशील त्याचं काय?

मग तिनं ज्वारीचे दाणे माझ्या मुठीत दिले आणि मूठ वरून दाबून धरली. दाणे मुठीत असताना दिलेला शब्द त्यांच्यात मोडत नाहीत. आता बोल. मी बोललो, ही रांग पोलिसांच्या हाती जाणार नाही. दाणे तिनं मोडक्या टोपलीत परत टाकले. विश्वास बसला असं काही तोंडावर दिसलं नाही.

१४ ऑगस्ट

रीळ मुंबईला धुवायला रवाना. या फिल्मला निगेटिव्ह नसते. जी धुऊन येईल तीच प्रत. पोस्टातला बाबू पार्सल हलवून हलवून बघत होता. काय आहे, काय आहे. लग्नाचं आहे, म्हटलं.

७ सप्टेंबर, शुक्र.

रीळ आलं. भिंगातून पट्टी बघितली. पाटीची अक्षरंसुद्धा स्वच्छ! इतका आनंद मला लग्नातही झाला नसेल. हे कुसुमला बोलून दाखवलं ही चूक झाली.

ती म्हणते, उद्या गणपती बसतील, लोक दर्शनाला येतील, तेव्हा दाखवा की. "नवरा काय करतो म्हणून विचारतात. मी काय सांगू, पारध्यांच्या मागे फिरतो?"

११ सप्टेंबर, मंगळ.

दिनू गणपतीच्या बंदोबस्तावर, म्हणून हिंमत केली. बैठकीच्या भिंतीवर चादर. माधव नगरातले सगळे आपले मराठी लोक, बापूमामा सहकुटुंब, आणि घरमालक गिरधारीलाल सेठ. त्यांना कुणी बोलावलं? कु. म्हणते, घर त्यांचं, गणपती आपला, बोलावायला नको? ते पुढल्या खुर्चीत.

घाईत घोळ झाला. या फिल्मला दोन्ही कडांना भोकं असतात, त्यामुळे पालटी चढवली तरी यंत्र निमूट चालतं. फक्त चित्र आरशातल्यासारखं डाव्याचं उजवं होऊन पडतं. चौकीची पाटी आली तशी बापूमामा ओरडले, "अरे, ही पाटी तर उलटी! फारसीत लिहिली काय रे?" छप्पर उडेल इतके हसले सगळे. थांबवून पुन्हा लावायचं तर दिवा तापलेला, आरती खोळंबलेली. तसंच रेटलं.

राग याचा नाही आला. रांगेत म्हातारी हात वर करून उभी आहे आणि आपल्या लोकांना दिसलं काय, तर पाटी! हाजरीबद्दल एकानं चकार शब्द काढला नाही. देवल्याचा चेहरा भिंतभर आला तेव्हा बायका मात्र म्हणाल्या, "अगं बाई, कान बघ त्याचा!"

सेठ जाताना, "पंडितजी, ये लोग तो मेरे खेत से लगे हुए पडे हैं. नया राज आ रहा है, कॉलनी कटेगी वहां. इनको कौन हटाएगा?" मी प्रसाद पुढे केला.

१८ सप्टेंबर, मंगळ.

सेठांकडे चोरी झाली. चांदीची भांडी. आम्ही मागच्या बिऱ्हाडात असून आम्हाला पत्ता नाही. सकाळी सेठाणीच्या रडण्यानंच कळलं. सेठ म्हणतात, टॉर्चच्या उजेडात चोर भिंतीवरून उडी टाकताना पाहिला. एरवी अंधार पडला की ते जिनाही उतरत नाहीत. असो. चांदी गेली हे खरं, वाईट वाटलं.

२१ सप्टेंबर

देवल्याला उचललं.

दुपारी रमी स्टुडिओसमोर आली. आत येईना. रस्त्यावरूनच, टांगेवाले, चहावाले सगळे ऐकतायत, "म्हारा आदमी के पकडी ने लई ग्या! थने दिखायो उको मुंडो! तू ने ही!" मी पायरी उतरलो तशी मागे सरली. मला म्हणायचं होतं की त्याचा चेहरा मी नाही दाखवला. दाखवला तर होताच की, घरच्या भिंतीवर, माधव नगरला.

पण कुणाला दाखवला? त्यातलं कोण चौकीवर गेलं?

२२ सप्टें.

डोक्यात सगळ्यांची तोंडं फिरवतोय. बापूमामा? त्यांच्या पोटात काही राहत नाही. स्टुडिओसमोरचा चहावाला, देवल्या इथे तीतर विकायला यायचा तेव्हा त्याला हाकलायचा. की तो मुंबईचा धुलाईवाला? वेडेपणा आहे. पण आज चहावाल्यानं साखर जास्त घातली, तर वाटलं, का घातली?

२४ सप्टेंबर, सोम.

दिनूकडे गेलो. कु.ला न सांगता. त्यानं चहा मागवला, मोठ्या खुशीत होता. नोव्हेंबरात मध्यभारत संपतंय, सगळ्यांच्या बदल्या भोपाळहून व्हायच्या, कोण बस्तरला जाईल नेम नाही. त्याआधी एक तपास नावावर हवा.

"पक्की केस आहे जिजाजी. सेठजींनी हुलिया सांगितला, सावळा, हाडकुळा, डाव्या कानाची पाळी फाटलेली. आम्ही वस्तीत जाऊन एकेकाची फडकी सोडली. कान फाटलेला निघाला. और क्या चाहिए?"

चांदी?

"कबूल करेल ना. वेळ लागतो."

मग निघताना, अगदी सहज, "तुम्ही त्यांचा सिनेमा दाखवला म्हणे घरी. मला नाही बोलावलं. एकदा बघायला द्या की ते रीळ. तेवढीच मदत होईल."

म्हटलं, मुंबईला परत पाठवलंय, खराब निघालं. घरी येऊन रिळाचा डबा कु.च्या भाजणीच्या डब्यात, भाजणीखाली पुरला. तिकडे कुणी बघत नाही.

म्हणजे दिनूनं पाहिलं नव्हतं. की पाहिलं असून विचारतोय?

२९ सप्टेंबर, शनि.

देवल्याला कोर्टात आणलं. हातकडी, डोकं उघडं. डोळा सुजलाय. मला बघितलं आणि मान वळवली. वळवली तेव्हा फाटका कान माझ्यासमोर आला. उजवा.

उजवा! कान बदलत नसतो. दिनूनं सांगितलेला हुलिया, डाव्या कानाची पाळी. डावा फाटका कान देवल्याला एकाच ठिकाणी होता, आमच्या बैठकीत, चादरीवर, कारण मी रीळ पालटं चढवलं होतं. सेठ वस्तीत पाय ठेवत नाहीत, आणि देवल्या फडक्याशिवाय गावात येत नाही. सेठांनी चोराचा कान टॉर्चच्या उजेडात पाहिलाच नाही. माझ्या प्रोजेक्टरच्या उजेडात पाहिला!

कोर्टाच्या आवारात मला हसू आलं. लोक बघायला लागले. मग कठड्यावर बसलो.

१ ऑक्टोबर, सोम.

अण्णा वकिलांकडे. ते वडिलांचे स्नेही, ग्वाल्हेर दरबारच्या काळापासून वकिली करतात. केस फुकट घेतली. देवल्याची जमानत मात्र होत नाही. घर ना दार, पळून जाईल म्हणतात.

कानाचं ऐकल्यावर ते खुर्चीत ताठ बसले. "कुणाला बोललास का?"

नाही.

"बोलू पण नकोस. आज तोंडातून गेलं तर उद्या सेठ 'उजवा' म्हणायला शिकेल. अंधार होता, गडबड झाली, माफ करा, संपलं. त्याला कोर्टात शपथेवर 'डावा' म्हणू दे. एकदा म्हणाला की मी बघतो. तोवर तू मुका. बायकोलासुद्धा नाही, ती कुणाची बहीण आहे लक्षात ठेव."

त्यांनी आणखी एक सांगितलं. चित्र पालटं पडलं होतं, हे मी एकट्यानं सांगून चालणार नाही. मी त्या लोकांचा माणूस, शिवाय मेहुण्याशी वाकडं म्हणून बोलतो म्हणतील. एक तर रीळ हजर करायचं, नाहीतर त्या दिवशी तिथे बसलेला दुसरा कुणी उभा करायचा.

रीळ हजर केलं की सरकारजमा. रांगेतली सगळी तोंडं चौकीच्या कपाटात. पुढच्या चोरीला सेठांना माझ्या घरी यायचीसुद्धा गरज नाही. आणि पालटं होतं हे कळायला पाटीच दाखवावी लागणार, पाटीखालीच रांग. कापून वेगळं करता येत नाही. मीच इतकी छान घेतली आहे ती.

रमीनं मूठ दाबली होती ती जागा दुखते असं वाटतं. दुखत काही नाही.

५ ऑक्टोबर

वस्तीवर गेलो. निम्मे डेरे उठलेत. उरलेल्यांनी कुत्री सोडली नाहीत एवढंच. रमी फासे विणत बसली होती, नवरा नाही तर तीच जाते आता रानात. मी म्हटलं, सुटेल, मी बघतोय. ती म्हणाली, कसं? मला सांगता येईना. जिच्या नवऱ्याचा जीव टांगलाय तिलाच सांगायचं नाही! पण इथे बोललं की चौकीवर पोचतं, हे तीच मला नेहमी सांगायची.

"कईं नी बोले," ती शेजारणीला म्हणाली, "देख, कईं नी बोले." मी तसाच परत आलो. फार लागलं.

१४ ऑक्टोबर, रवि. दसरा

सोनं द्यायला बापूमामांकडे. आडून विचारलं. मामा, गणपतीत सिनेमा बघितला, पाटीवरून तुम्ही काय हसवलंत सगळ्यांना!

"कसली पाटी?"

ती चौकीची हो. उलटी.

"छे रे. मला आठवत नाही. माझा तर डोळा लागला होता." मामी स्वयंपाकघरातून, "अहो, तुम्हीच तर..." आणि मामांनी तिच्याकडे असं बघितलं की ती करंज्या आणायला आत गेली ती आलीच नाही.

मामांचा मुलगा पुढच्या महिन्यात सरकारी नोकरीत कायम व्हायचाय. नव्या राज्यात कुणाची ओळख कुठे लागेल सांगता येत नाही. थानेदाराच्या केसमध्ये कोण पडतो? पण मी कोर्टाचं नावसुद्धा काढलं नव्हतं. मग त्यांना कळलं कसं की आठवायचं नाही?

१६ ऑक्टो.

आणखी तिघांना चाचपलं. एकाला पाटी आठवते, पण सुलटी. एक म्हणाला मी आलोच नव्हतो. त्यानं तेव्हा मोदक नऊ खाल्ले होते की दहा, यावर पैज लागली होती! तिसऱ्यानं विचारलं, "का हो, काही प्रकरण आहे का?" त्याचे डोळे मला आवडले नाहीत. यापुढे कुणालाच विचारणार नाही. विचारणंसुद्धा सांगण्यासारखंच आहे.

म्हणजे उरली एकच, कु. ती तिथेच होती, माझ्या बाजूला, कंदील बारीक करायला.

२२ ऑक्टोबर, सोम.

कु. काल माहेरी जाऊन आली. दिनू होता का? होता. काय म्हणाला? "काही नाही, बदलीचं." एवढंच? "मग काय, रामायण सांगू?"

आज भाजी चिरताना म्हणाली, "तुम्ही हल्ली माझ्याशी बोलताना आधी विचार करता." मी म्हटलं, छे. ते म्हणण्याआधीही मी विचार केला होता.

लग्नाला नऊ वर्षं झाली. मला या बाईनं कधी फसवलेलं नाही. तरी ती अंगणात सेठाणीशी बोलली की मी खिडकीशी जातो. किळस येते स्वतःची.

२७ ऑक्टोबर, शनि.

दिवाळीची भाजणी! माझ्या डोक्यातच आलं नाही. दर दिवाळीला चकलीची भाजणी त्याच डब्यातून निघते, हे चकल्या खाणाऱ्याला कशाला माहीत असेल. स्टुडिओतून आलो तर ओट्यावर रिळाचा डबा, पुसून स्वच्छ केलेला. कु. समोर बसलेली.

"मुंबईला पाठवलं होतं ना?"

मी चपला काढत राहिलो.

"दिनूपासून लपवलंत, समजलं. माझ्या डब्यात माझ्यापासून लपवलंत!"

सांगितलं. सगळं सांगितलं, कान, पाटी, सेठ, रमीची मूठ. अण्णांचं ऐकलं नाही मी. ती आधी रडली, मग चिडली, "मी आहे ना तिथे बसलेली! मला का नाही विचारलंत? गावभर विचारत फिरलात, मला नाही!"

"दिनूची केस आहे."

"माहीत आहे मला कुणाची आहे ते."

मग अगदी हळू म्हणाली, कोर्टात दिनूच्या चौकीवरच्या हाजरीचं पण निघेल का? म्हटलं, तू रिळात काय पाहिलंस विचारतील, ते सांगावंच लागेल. तिनं मान हलवली. हो म्हणून की नाही म्हणून, मला कळलं नाही. चकल्या यंदा केल्या नाहीत.

३० ऑक्टोबर

अण्णांना सांगितलं की बायकोला सांगितलं. त्यांनी चष्मा काढला. "कोर्टात पेशी पाच तारखेला. मध्ये भाऊबीज आहे गाढवा."

१ नोव्हेंबर, गुरु.

नवं राज्य झालं. मध्यभारत गेलं, आता मध्यप्रदेश. चौकात झेंडा, पेढे, भाषणं. ग्वाल्हेरचे म्हणतात इंदूरनं खाल्लं, इंदूरचे म्हणतात भोपाळनं. आपले लोक घोळक्यानं उभे राहून मुंबईकडच्या वाटण्यांची चर्चा करत होते, जणू तिकडे कुणी यांची वाट बघतंय. चौकीच्या पाटीवर पेंटर चढला होता. राज्याचं नाव खोडून नवं लिहीत होता. खाली हाजरी चालू.

दुपारी रमी आली. आज पायरी चढली, आत आली, खाली बसली. ओरडली नाही. म्हणाली, पेशीची तारीख कळली. म्हणाली, "थारी वा पेटी जलाई दे. ऊ छूटे नी छूटे. बाकी का तो बची जाय."

त्याच पेटीतल्या रिळानं तिचा नवरा सुटू शकतो, आणि बाकीचे वाचावेत म्हणून ती मला जाळ म्हणते आहे. मी तोंड उघडलं होतं. समोरचा चहावाला फडकं खांद्यावर टाकून दारातच उभा होता. मिटलं. ती उठून गेली. मी शटर ओढून आत बसलो आणि चारचौघांत येऊ नये तसं रडू आलं.

३ नोव्हेंबर, शनि.

पाडवा. कु.नं ओवाळलं. निरांजनाच्या उजेडात तिच्या चेहऱ्यात काहीतरी शोधत बसलो. "असं काय बघता?" म्हणाली. पूर्वी हेच हसून म्हणायची.

४ नोव्हेंबर, रवि. भाऊबीज

दिनू आला. साडी आणली, चांगली होती. पाटावर बसला, कु.नं कुंकू लावलं, ओवाळलं. मी बैठकीत पेपर घेऊन. जेवण झालं. मला म्हणाली, "तुम्ही बसा, दिनूला डबा भरून देते."

डबा भरायला इतका वेळ? आधी भांड्यांचा आवाज होता, मग नव्हता. दिनूचा आवाज एकदा चढला, "ताई, पण..." आणि पुढे ऐकू आलं नाही. उठून दाराशी जावं असं फार वाटलं. पेपरातली एकच ओळ पुन्हा पुन्हा वाचत बसून राहिलो.

बाहेर आला तेव्हा डबा हातात होता. साडीची पिशवी पण त्याच्याच हातात. ती तिनं घेतली नाही, की नंतर रंग बदलून आणतो म्हणाला, मला कळायला मार्ग नाही. टोपी घातली. "उद्या भेटूच, जिजाजी." उद्या कोर्टात तो असणारच, थानेदारच तो. पण हे त्यानं मला सांगायची काय गरज होती?

तो गेल्यावर कु. डोळे धुऊन आली. म्हणाली, "उद्या मी येते. अण्णांना सांगा, मला साक्षीला उभं करा. पाटी उलटी होती, खाली रांग होती, जे होतं ते सांगेन."

मी "बरं" म्हटलं. 

तिनं त्याला सांगितलं असेल तर उद्या सेठ 'उजवा' म्हणतील, आणि हिच्या साक्षीला काही अर्थ राहणार नाही. मग रीळ काढलं तरी त्यातलं हाजरीचं तेवढं खरं ठरेल, देवल्याचं नाही. सांगितलं नसेल तर उद्यापासून तिला माहेर नाही. आज ती त्याला भावाच्या नात्यानं शेवटचं जेवू घालत होती, आणि मी बाहेर कान टवकारून बसलो होतो. यातलं एक खरं आहे. विचारलं असतं तर तिनं खरं सांगितलं असतं, तिला खोटं बोलता येत नाही. म्हणून विचारलं नाही.

ती आत अंथरुणं घालत असताना मी रिळाचा डबा कापडी पिशवीत घातला आणि पिशवी दाराशी ठेवली. समजा उद्या ती कचरली. समजा ऐन वेळी दिनूकडे बघून तिचं तोंड उघडलं नाही. तर निदान माझ्या हातात काहीतरी असावं. रमीला काय सांगायचं ते मग बघू.

पाणी प्यायला आली तेव्हा तिला पिशवी दिसली. वाकून हात लावून बघितलं, आत काय आहे ते तिला बघावं लागलं नाही.

"म्हणजे मी आले तरी हे नेणार?"

मी म्हटलं, नेणारच असं काही नाही.

"मग ठेवा आत."

मी उठलो नाही. तिनं भांडं पालथं घातलं आणि ती आत गेली. पिशवी अजून दाराशीच आहे.